एक कोबोल, अनेक बोली

ग्रेस हॉपर हे नाव बहुतेकांना एका पतंगामुळे माहीत असते. सप्टेंबर १९४७ मध्ये हार्वर्ड विद्यापीठातल्या ‘मार्क टू’ या संगणकाच्या रिलेमध्ये एक पतंग अडकून मेला. तो काढून नोंदवहीत चिकटपट्टीने चिकटवण्यात आला आणि तेव्हापासून संगणकातल्या चुकीला ‘बग’ म्हणू लागले, अशी ही कथा. ती अर्धीच खरी आहे. पतंग खरा आणि वहीही खरी. ती वही अमेरिकेच्या स्मिथसोनियन संग्रहालयाने जपून ठेवली आहे. पण यंत्रातल्या बिघाडाला बग म्हणण्याची पद्धत एडिसनच्या काळापासूनची. शिवाय तो पतंग हॉपरबाईंनी स्वतः पकडलेला नव्हता. त्यांनी ती गोष्ट आयुष्यभर रंगवून सांगितली, एवढेच.

या गोष्टीमागे त्यांचे दुसरे एक काम झाकले गेले. एकाच नावाच्या संगणकभाषेच्या दहा ठिकाणी दहा आवृत्त्या चालत असतील, तर तिच्यात लिहिलेले प्रोग्रॅम सांभाळायचे कसे, हा त्या कामाचा विषय. हिंजवडीला नोकरी करणाऱ्या एखाद्या तरुणाला विचारा. एका प्रकल्पाला पायथनची जुनी आवृत्ती लागते, शेजारच्या प्रकल्पाला नवी, आणि एकाच संगणकावर दोन्ही गुण्यागोविंदाने नांदवण्यात अर्धा दिवस जातो. हे दुखणे आजचे नाही, संगणकभाषा जन्मल्या तेव्हापासूनचे आहे. हॉपरबाई साठी ओलांडल्यावर दहा वर्षे त्याच्याशी झुंजल्या.

त्यांचा जन्म ९ डिसेंबर १९०६ रोजी न्यूयॉर्कमध्ये झाला. माहेरचे आडनाव मरे. वडील विम्याच्या व्यवसायात होते. आईला गणिताची ओढ, पण मुलीच्या जातीला भूमितीपुढे जाऊ देण्याची रीत नव्हती. वडिलांना रक्तवाहिन्या कठीण होण्याचा आजार जडला आणि त्यात त्यांचे दोन्ही पाय कापावे लागले. लाकडी पाय आणि काठ्यांच्या आधाराने हा माणूस कामावर जात राहिला. आपण फार दिवस पुरणार नाही, हे गृहीत धरून मुलाइतकेच मुलींनीही शिकून स्वतःच्या पायांवर उभे राहावे, असा त्यांचा आग्रह होता. घरातल्या दीर्घ आजाराने मुलींचे शिक्षण थांबल्याचे आपण कितीदा पाहतो. इथे त्याच आजाराने ते पक्के केले.

सात वर्षांच्या ग्रेसने गजराचे घड्याळ कसे चालते हे पाहण्यासाठी ते खोलले. जोडता येईना म्हणून दुसरे खोलले, मग तिसरे. आईच्या लक्षात येईपर्यंत घरातली सात घड्याळे सुटी झाली होती. पुढे व्हासार कॉलेजने लॅटिनमध्ये गुण कमी म्हणून पहिल्या वर्षी प्रवेश नाकारला. दुसऱ्या वर्षी तो मिळाला. १९२८ मध्ये गणित आणि भौतिकशास्त्राची पदवी, १९३४ मध्ये येल विद्यापीठाची गणितातली डॉक्टरेट. मधल्या काळात व्हिन्सेंट हॉपर यांच्याशी लग्न झाले आणि व्हासारमध्येच गणित शिकवण्याची नोकरी लागली. १९४५ मध्ये घटस्फोट झाला. आडनाव मात्र त्यांनी तेच ठेवले.

अमेरिका दुसऱ्या महायुद्धात उतरली तेव्हा त्यांना नौदलात जायचे होते. पणजोबा नौदलात ॲडमिरल होते, त्याचाही अभिमान होता. पण वय पस्तिशीच्या घरात आणि वजन १०५ पौंड, म्हणजे जेमतेम ४८ किलो. नौदलाच्या मापापेक्षा १५ पौंड कमी. त्यातून गणिताचे प्राध्यापक नागरी कामासाठी अत्यावश्यक मानले जात. त्यांनी वजनासाठी खास सवलत मिळवली आणि डिसेंबर १९४३ मध्ये राखीव नौदलात भरती झाल्या. प्रशिक्षणात पहिल्या आल्या. जुलै १९४४ मध्ये हार्वर्डला हॉवर्ड एकेन यांच्या हाताखाली रुजू झाल्या, तेव्हा समोर ५१ फूट लांबीचे, आठ फूट उंचीचे, खडखडणारे यंत्र उभे होते: ‘मार्क वन’. कागदी पट्टीवर भोके पाडून त्याला सूचना द्यायच्या आणि तोफांच्या माऱ्याची कोष्टके काढून घ्यायची.

इथेच त्यांच्या पुढच्या साऱ्या कामाचे बी पडले. वर्गमूळ काढायचे, साइन काढायचा, असल्या हिशेबांच्या सूचना पुन्हापुन्हा लागत. प्रत्येक जण त्या आपल्या वहीत लिहून ठेवी. दुसऱ्याला गरज पडली की वही मागून घ्यायची, तेवढा तुकडा उतरवून काढायचा आणि नव्या जागेप्रमाणे आकडे बदलायचे. या उतरवण्यात चुका होत. एका वहीतून दुसऱ्या वहीत गेलेला तुकडा हळूहळू मूळ तुकड्यापेक्षा वेगळा होई. पेशीविभाजनात जनुकांची नक्कल करताना एखादे अक्षर चुकावे आणि पुढच्या साऱ्या पेशींत ती चूक जावी, तसाच हा प्रकार. माणसाला बिनचूक नक्कल जमत नाही आणि बिनचूक बेरीजही जमत नाही, यंत्राला दोन्ही जमते. मग हे काम यंत्रानेच का करू नये, हा विचार त्यांच्या मनात तेव्हापासून घोळू लागला.

१९४९ मध्ये त्या फिलाडेल्फियाच्या एकर्ट-मॉकली कंपनीत गेल्या. तिथे युनिव्हॅक हा विक्रीसाठीचा संगणक तयार होत होता. दिवसभर आठ अंकांवर आधारलेल्या पद्धतीने हिशेब करायची एवढी सवय लागली, की त्यांच्या बँकखात्याचा ताळा जमेना. अखेर बँकेत काम करणाऱ्या भावाने चूक शोधली. बाई मधूनमधून आठच्या पद्धतीने वजाबाकी करत होत्या.

हा विनोदी प्रसंग त्यांच्या चरित्रांत हमखास असतो. त्याच काळातली दुसरी बाजू पुष्कळांच्या लेखनातून गळते. युद्धातल्या ताणात सुरू झालेले मद्यपान एव्हाना व्यसन बनले होते. घटस्फोट झालेला, हार्वर्डची नोकरी संपलेली, नव्या कंपनीचा पैशाचा भरवसा नाही. १९४९ च्या अखेरीस दारूच्या नशेत फिलाडेल्फियाच्या पोलिसांनी त्यांना पकडले आणि तिथून त्यांना रुग्णालयात नेण्यात आले. आत्महत्येचे विचारही मनात येत. एडमंड बर्कली या जुन्या सहकाऱ्याने त्यांना सविस्तर पत्र लिहून उपचार घेण्याची विनवणी केली आणि त्या पत्राच्या प्रती त्यांच्या जवळच्या माणसांनाही दिल्या. व्यसनी माणसाभोवतीच्या लोकांनी गप्प न बसता एकत्र येऊन बोलणे, याला आज उपचाराचा भाग मानतात. तेव्हा ती धिटाई होती. त्यातून त्या पूर्ण बाहेर आल्या की नाही, यापेक्षा त्या कामाला लागल्या हे महत्त्वाचे. ज्या कामासाठी जग त्यांना ओळखते, ते सारे यानंतरचे आहे.

१९५२ पर्यंत ‘ए-झीरो’ तयार झाला. संकेत दिले की तो साठवलेले तुकडे स्वतः शोधून, उतरवून, जागांचे आकडे जुळवून एक सलग प्रोग्रॅम बांधी. हॉपरबाईंनी त्याला ‘कंपायलर’ म्हटले. माणसाच्या वाचनीय सूचना यंत्राच्या आकड्यांत उतरवणारा दुभाषा, हा त्या शब्दाचा आजचा अर्थ. त्या अर्थाने ‘ए-झीरो’ अर्धाच दुभाषा होता. पण दिशा पक्की झाली. पुढे त्यांनी ‘फ्लो-मॅटिक’ केली. तिच्यात व्यापारी हिशेबाच्या सूचना साध्या इंग्रजी शब्दांत देता येत. यंत्राला फक्त शब्दांच्या खुणा ओळखायच्या आहेत, शब्द कोणत्या भाषेतले याने फरक पडत नाही, हे दाखवण्यासाठी त्यांनी तोच प्रोग्रॅम फ्रेंच आणि जर्मन शब्दांत चालवून दाखवला. कंपनीचे वरिष्ठ हादरले. अमेरिकन यंत्राला परकी भाषा समजते, ही कल्पनाच त्यांना सोसवेना. बाईंना इंग्रजीपुरतेच राहण्याचे आश्वासन द्यावे लागले.

मग व्हायचे तेच झाले. प्रत्येक कंपनीने आपापली भाषा काढली. आयबीएमची वेगळी, हनीवेलची वेगळी, हॉपरबाईंच्या कंपनीची वेगळी. १९५९ मध्ये अमेरिकेच्या संरक्षण खात्याकडे २२५ संगणक होते, आणखी १७५ ची मागणी नोंदवलेली होती आणि प्रोग्रॅम लिहिण्यावर २० कोटी डॉलरहून अधिक खर्च झाला होता. एका बनावटीच्या यंत्रासाठी लिहिलेला प्रोग्रॅम दुसऱ्या बनावटीवर चालत नसे. यंत्र बदलले की पगारपत्रक, भांडार, दुरुस्तीच्या नोंदी, सारे पहिल्यापासून लिहायचे. बरोज कंपनीतल्या मेरी हॉज यांनी सर्वांसाठी एक भाषा हवी असा विषय काढला. एप्रिलमध्ये पेनसिल्व्हेनिया विद्यापीठात छोटी बैठक झाली, तिला हॉपरबाई होत्याच. मे महिन्यात संरक्षण खात्याने पेंटॅगॉनमध्ये मोठी बैठक बोलावली आणि समित्या नेमल्या. त्यातून ‘कोबोल’ जन्मली. तिचा तपशील जीन सॅमेट आणि इतर समिती-सदस्यांनी घडवला. हॉपरबाई सल्लागार होत्या, पण भाषेचा बराचसा साचा त्यांच्या ‘फ्लो-मॅटिक’चा होता. काम रेंगाळते आहे असे वाटून आरसीए कंपनीच्या हॉवर्ड ब्रॉमबर्ग यांनी ‘कोबोल’ हे नाव कोरलेला थडग्याचा दगड विकत घेऊन संरक्षण खात्याच्या अधिकाऱ्याला पाठवून दिला होता. दगड वाया गेला. ६ आणि ७ डिसेंबर १९६० रोजी जवळजवळ जसाच्या तसा एक कोबोल प्रोग्रॅम आधी आरसीएच्या आणि मग युनिव्हॅकच्या यंत्रावर चालवून दाखवण्यात आला.

बहुतेक चरित्रे इथे टाळ्या वाजवून पुढे सरकतात. खरी अडचण मात्र इथून सुरू झाली. १९६० च्या कोबोलनंतर १९६१ ची आली, मग तिची वाढवलेली आवृत्ती, मग १९६५ ची. प्रत्येक कंपनीच्या कंपायलरने यातले काही घेतले, काही सोडले आणि गिऱ्हाईक बांधून ठेवण्यासाठी स्वतःच्या चार सोयी जोडल्या. त्या सोयी वापरणाऱ्याला आवडत. यंत्र बदलायची वेळ आली की त्याच नडत. पेटीवर नाव कोबोल आणि आत प्रत्येकाची वेगळी बोली.

प्रोग्रॅम चाललाच नाही तर निदान कळते. तो मुकाट्याने चालतो आणि वेगळे उत्तर देतो, तेव्हा खरा घोळ होतो. आयबीएमच्या मोठ्या यंत्रांच्या संकेतपद्धतीत क्रम लावताना अक्षरे आधी आणि अंक नंतर येत. दुसऱ्या प्रचलित पद्धतीत अंक आधी, अक्षरे नंतर. अक्षरे आणि अंक मिसळलेले क्रमांक क्रमाने लावा असे सांगितले, तर दोन यंत्रे दोन याद्या देणार आणि दोन्ही आपल्या परीने बरोबर असणार. १९७४ च्या मानकात यासाठी वेगळी सोय करावी लागली.

इन्सुलिन घेणाऱ्यांना हा धोका चटकन समजेल. आपल्याकडे इन्सुलिनच्या बहुतेक बाटल्यांत एका मिलिलिटरला ४० युनिट असतात, पेनच्या काडतुसात १००. ४० च्या बाटलीसाठी लाल टोपणाची सिरिंज असते, १०० साठी केशरी टोपणाची. औषधाचे नाव एकच. पण ४० ची बाटली आणि १०० ची सिरिंज अशी जोडी जमली, तर ४० च्या रेघेपर्यंत भरूनही पोटात टोचली जातात १६ युनिट. रेघ बरोबर वाचलेली असते, हात थरथरलेला नसतो, तरी साखर का उतरत नाही हे कळत नाही. चूक कोणत्याही एका वस्तूत नसून त्यांच्या जोडीत असते. प्रोग्रॅम आणि कंपायलर यांच्या आवृत्त्यांचे नेमके असेच आहे.

१९६६ च्या अखेरीस नौदलाने हॉपरबाईंना वयोमानाने निवृत्त केले. तेव्हा त्यांना नुकतीच साठ वर्षे पूर्ण झाली होती. तो दिवस आयुष्यातला सर्वांत दुःखाचा असल्याचे त्या सांगत. पण आठच महिन्यांत, ऑगस्ट १९६७ मध्ये, नौदलाने त्यांना सहा महिन्यांसाठी परत बोलावले. नौदलाच्या निरनिराळ्या विभागांत निरनिराळ्या बनावटीचे संगणक होते आणि प्रत्येकाची कोबोल वेगळी होती. हे सारे एका मापात आणायचे होते. सहा महिने संपले, काम संपले नाही. मुदत बेमुदत वाढली. १९७७ पर्यंत त्या नौदलाच्या संगणकभाषा गटाच्या प्रमुख होत्या.

१९६८ मध्ये कोबोलचे अमेरिकी राष्ट्रीय मानक छापून आले. पण मानक छापल्याने कंपायलर सुधारत नाही. औषधाच्या वेष्टनावर ‘आय.पी.’ ही अक्षरे असतात. इंडियन फार्माकोपियाच्या मापात ते औषध बसते, असा तो दावा. अक्षरे छापली म्हणून गोळी पोटात विरघळत नाही. प्रयोगशाळेत ती ठरावीक द्रवात, ठरावीक वेगाने ढवळून किती वेळात किती औषध बाहेर आले हे मोजावे लागते. हॉपरबाईंच्या गटाने कोबोलसाठी तेच केले. मानकातले एकेक कलम घेऊन त्यावर छोटे चाचणी-प्रोग्रॅम लिहिले. प्रत्येकाचे अपेक्षित उत्तर आधीच ठरलेले. कंपायलरमधून तो गठ्ठा जाऊ द्यायचा आणि कोणते कलम उत्तीर्ण, कोणते नापास, याची यादी छापून घ्यायची. विक्रेत्याच्या माहितीपत्रकावर वाद घालण्याची गरज उरली नाही.

काम कंटाळवाणे होते. ते बाहेर सांगायला जावे तर पतंगासारखी गंमतही त्यात नाही. शिवाय मानकातच पळवाटा होत्या. १९७४ च्या मानकात एक अनिवार्य गाभा आणि ११ विभाग होते आणि प्रत्येकाचा कमी-अधिक भाग घेण्याची मुभा होती. हिशेब केला तर नियमाला धरूनच १,०४,९७६ प्रकारची कोबोल बनवता येत होती. सर्वांना खूश ठेवणाऱ्या समितीचे फळ असेच असते. म्हणूनच कोणता कंपायलर काय करतो हे तपासून लिहून ठेवणे, हाच त्यातल्या त्यात भरवशाचा मार्ग होता. १९७२ मध्ये अमेरिकेच्या केंद्र सरकारने कोबोलचे मानक आपल्या कारभारासाठी स्वीकारले आणि सरकारी गिऱ्हाईक हवे असलेल्या कंपन्यांना चाचणीला सामोरे जाणे भाग पडले. उपदेशाने न बदललेल्या बोली खरेदीच्या अटीने एकमेकींजवळ येऊ लागल्या. फोरट्रान या विज्ञान-गणिताच्या भाषेलाही नौदलाने अशाच चाचण्या लावल्या. १९८० च्या दशकात हे काम अमेरिकेच्या राष्ट्रीय मानक संस्थेने आपल्याकडे घेतले.

या काळात हॉपरबाई गावोगाव व्याख्याने देत हिंडत. बरोबर सुमारे ३० सेंटिमीटर लांबीच्या तारांचे तुकडे असत. एका सेकंदाच्या अब्जाव्या भागात वीज जास्तीत जास्त एवढीच धावू शकते, हे श्रोत्यांच्या हातात तुकडा देऊन त्या समजावत. कचेरीत उलटे फिरणारे घड्याळ टांगलेले होते. आजवर असेच चालत आले म्हणून तसेच करायचे, या वृत्तीचा त्यांना तिटकारा होता. आणि जुन्या कोबोलमध्ये लिहिलेले लाखो ओळींचे प्रोग्रॅम मोडू नयेत म्हणून त्याच बाई दहा वर्षे राबल्या. हा विरोधाभास नाही. नवी आवृत्ती निर्धास्तपणे घ्यायची, तर जुने काय करत होते हे आधी नेमके माहीत असावे लागते.

१९७३ मध्ये त्या कॅप्टन झाल्या, १९८३ मध्ये राष्ट्राध्यक्षांच्या खास नेमणुकीने कमोडोर. १९८५ मध्ये त्या पदाचे नाव बदलून रिअर ॲडमिरल झाले. १४ ऑगस्ट १९८६ रोजी बॉस्टन बंदरात ‘कॉन्स्टिट्यूशन’ या ऐतिहासिक जहाजावर त्यांना निरोप देण्यात आला, तेव्हा त्या ७९ वर्षांच्या होत्या. लगेच डिजिटल इक्विपमेंट या संगणक कंपनीने त्यांना सल्लागार म्हणून घेतले आणि अखेरपर्यंत त्या तिथेच राहिल्या.

३१ डिसेंबर १९९९ ची रात्र बघायला मिळावी, अशी त्यांची इच्छा होती आणि ती त्या भाषणांतून बोलून दाखवत. ते जमले नाही. १ जानेवारी १९९२ रोजी पहाटे झोपेतच त्यांचे निधन झाले. त्या रात्री, त्यांच्या मृत्यूला बरोबर आठ वर्षे होत असताना, मुंबई, पुणे, चेन्नई, बेंगळुरूच्या कचेऱ्यांत हजारो तरुण जागे होते. कोबोलच्या जुन्या प्रोग्रॅममध्ये वर्षासाठी चार अंकांऐवजी दोनच अंकांची जागा ठेवलेली होती आणि घड्याळ बाराकडे सरकत असताना ते पडद्यावरच्या त्या दोन अंकांकडे बघत बसले होते.